पाटी

अक्षरामागे साडेचार पौंड घेतो मी.
दगड वेगळा, सोनेरी रंग हवा तर तो वेगळा.
म्हणजे ए कोरला काय, ई कोरला काय,
माझं बिल तेवढंच.

ग्रिम्सबीच्या गोदीवर, बंद बर्फ-कारखान्याच्या भिंतीला
लावायची आहे ही:
मासे चिरता चिरता क्लिफ ऑसगरबीनं इथे
'सेपरेट हार्बर्स' रचलं, एकोणीसशे एकाहत्तर.

भांडण चौथ्या अक्षराचं.
कानाला दोन्ही सारखेच.
पहिल्या तबकडीवर ई. मग लंडनच्या कंपनीला जाग आली,
अल्बमवर ए.
हॅम्बुर्गच्या प्रतीत दोन पी आहेत,
पण तो हॅम्बुर्गचा प्रश्न.

बैठकीला मिस ब्रॉकल्सबी आल्या, वय एक्क्याण्णव,
भाजीच्या चाकांच्या पिशवीत शब्दकोश घालून.
"चूक पन्नास वर्षं जुनी झाली
म्हणून तिला पेन्शन द्यायची नसते."
समोर ट्रेवर डाउज, बास वाजवायचा,
आता दोन बोटं वळत नाहीत.
"ई," म्हणाला. "मुद्दाम केलेला."
का मुद्दाम?
तर एकदा म्हणाला, ई म्हणजे ईस्ट, पूर्वेचं वारं.
एकदा म्हणाला, शब्दालाच त्याच्या अक्षरापासून
तोडलंय, कळत कसं नाही तुम्हाला?
तिसऱ्यांदा नुसताच टेबलावर हात आपटला.
समितीतल्या पोरानं तिन्ही कारणं लिहून घेतली.
चहावर साय धरली.

दुसऱ्या दिवशी मॉरीन आली, क्लिफची बायको,
बिस्किटांचा डबा घेऊन. आत बिस्किटं नव्हती.
बाजाराच्या याद्या होत्या, चाळीस वर्षांच्या:
एक गोल, म्हणजे अंडी.
चौकोनावर धूर, म्हणजे पाव, ताजा.
बाटलीला गाईचे कान.
शब्द एकच, प्रत्येक यादीच्या खाली, तिचं नाव,
त्यातही दोन अक्षरं गळलेली.

"गाणं त्याच्या डोक्यात असायचं. कागदावर ट्रेवर उतरवायचा,
ट्रेवरला जेवढं येत होतं तेवढं.
तबकडी निघाली, लोक हसले.
कुणी लिहिलं हे, असं कुणी विचारण्याआधीच
क्लिफ म्हणाला, मी. मुद्दाम.
तेव्हापासून दोघं एकमेकांचं झाकत आलेत.
आता एकटाच झाकतोय."

मग कोरू काय, मी विचारलं.
तिनं डब्याचं झाकण लावलं, ते नीट बसेना,
पुन्हा लावलं.
"दगड छान आहे," म्हणाली.

रात्री फोन. मिस ब्रॉकल्सबी.
"ऑसगरबी म्हणजे मागच्या बाकावरचा का?
लाल केसांचा?"
हो म्हणालो. केस काही मी पाहिले नव्हते.
"वाचायची पाळी आली की तो उठून
फळा पुसायला लागायचा.
फार स्वच्छ पुसायचा.
मी शाबासकी द्यायचे."
बराच वेळ तारेवर काही नव्हतं.
मग म्हणाल्या, शब्दकोश तिथेच राहिलाय हॉलमध्ये,
कुणी आणून द्यायची घाई नाही.

वेल्सचा पाटीचा दगड आहे हा.
लहानपणी चुकलं तर थुंकी लावून बाहीनं पुसायचो,
आणि पाटी पुन्हा कोरी, जरा वासाची, पण कोरी.
हिच्यावर तसं चालत नाही.

एस, ई, पी झाले.
खडूनं आखून ठेवलेली चौथ्याची जागा
सकाळपासून बघतोय.
ट्रेवर दोनदा खिडकीवरून गेला, आत आला नाही.

ए असो की ई,
मध्ये एक आडवी रेघ दोघांनाही लागते.
छिन्नी तिथे टेकवली.
आजच्यापुरती तेवढीच कोरतो.