सुपूर्दनामा

स्टॅम्पपेपरवर टाइप केलंय:
मी, बेबीनंदा सुधाकर ठवकर, वय एकेचाळीस,
राहणार वाडी, जकात नाक्यामागे,
सत्यप्रतिज्ञेवर सांगते की
गाडीत सागवान होतं हे मला ठाऊक नव्हतं.

या शेवटच्या ओळीवर गोटमारे वकिलांनी पेन टेकवला.
म्हणाले, ताई, बाकी सगळी पेज आहे,
शीत हे एवढंच.

चौदा महिने चारशेसात सेमिनरी हिल्सच्या डेपोत.
दर अवसेला मी नारळ घेऊन जायची,
तारेच्या बाहेरूनच फोडायची.
मागच्या फळीवर 'पुन्हा भेटू' रंगवलेलं.
दुसऱ्या उन्हाळ्यापर्यंत नुसतं 'पुन्हा' उरलं.
शेजारी एक ट्रॅक्टर, दोन बैलगाड्या,
बैल नसलेल्या.
हप्ता मात्र चालू होता.
जप्त गाडीचा हप्ता जप्त होत नाही,
फायनान्सवाल्यांनी फोनवर समजावलं,
फार मायेनं.

खालच्या दोन कोर्टांत नाही म्हणाले.
मग सिव्हिल लाइन्स. दगडी इमारत, थंड जिना,
पुकारा झाला तेव्हा मी पाणी पीत होते.
सरकारी वकील म्हणाले, गाडी सोडली तर
जंगल चोरणाऱ्याला पाय परत दिल्यासारखं होईल.
न्यायमूर्तींनी फोटो उलटे-सुलटे करून पाहिले.
विचारलं, उन्हात सडवून जंगलाचं काय भलं होणार आहे?
आणि मालकिणीला माहीत होतं, याला पुरावा काय?
पुरावा नव्हता.
मी पाण्याच्या बाटलीचं झाकण फिरवत राहिले.

गाडी विकायची नाही.
रंग बदलायचा नाही.
बोलावलं की आहे तशी हजर करायची.
सप्तपदीतसुद्धा मला एवढ्या स्पष्ट अटी
कोणी वाचून दाखवल्या नव्हत्या.
मी सही केली. दोन जामीनदारांनी केली.

इस्तारी बाहेर झेरॉक्सच्या टपरीपाशी उभा होता.
आरोपी नंबर एक. जामिनावर.
देवलापारहून पहाटेच्या बसनं आलेला,
त्याची तारीख वेगळी, कोर्ट वेगळं,
तरी आलेला.
'सुटली का जी, वहिनी?'
'हौ.'
'बॅटरी पाहून घेजा. बसली असन.'
एवढंच बोलला. मग चपलेचा अंगठा नीट करत बसला.

आता ती रात्र.
लिहून कुठंच दिलेली नाही म्हणून इथं.
साडेअकराला त्याचा फोन आला होता.
वहिनी, भुशाच्या पोत्यांखाली
थोडं काही टाकतो म्हणतेत. आणू का?
मी म्हणाले, मला काही सांगू नको.
भाडं किती देतात ते सांग.
दुप्पट, म्हणाला.
मी ठेवला फोन.
काय टाकतात ते त्यानं सांगितलंच नाही,
मी ऐकलंच नाही.
म्हणजे ठाऊक नव्हतंच की.
प्रतिज्ञापत्रात एक अक्षर खोटं नाही,
गोटमारे वकिलांना मी हे सांगितलं असतं
तर तेही हेच म्हणाले असते.

डेपोत वनरक्षकानं यादी वाचून सामान मोजून दिलं.
स्टेपनी एक. जॅक एक. ताडपत्री एक, फाटकी.
टेप एक. लिंबू-मिरची, वाळलेली, एक.
बॅटरी बसलेलीच होती.
धक्का मारायला डेपोतलीच चार पोरं आली,
चहाचे पैसे घेतले नाहीत.

घरी आणून फळ्या धुतल्या,
तीनदा. साबण लावून.
फटींतून तांबूस भुसा निघत राहिला.
मग ड्रायव्हरच्या सीटखाली हात घातला
तर डबा.
स्टीलचा, दोन पुडांचा, झाकणावर ठोकलेलं:
इ. धु.
पंचनाम्यात नाही. सुपूर्दनाम्यात नाही.
कायद्यानं हा डबा कोणाचाच नाही.
चौदा महिन्यांपूर्वीची भाकर आत
काळी, हलकी, फुंकरीनं उडावी अशी.

घासला, उन्हात ठेवला, फडताळात ठेवला.
रिकामा डबा परत देत नसतात.
काय घालून देऊ,
चार दिवस झाले,
एवढंच ठरत नाही.