फ्रीजमध्ये इतर माल : होय / नाही

ट्रेनिंग झालं धंतोलीच्या एका हॉटेलात.
एसी असा, की बोटं आखडून पेन धरवेना.
पडद्यावर चौकटी, चौकटींना बाण :
लवकर खपणारा माल, टिकाऊ माल,
खायचं, प्यायचं, अंगाला लावायचं, फरशीला लावायचं.
जग किती नीट मावतं, वाटलं मला,
आणि मी वहीत पट्टीनं रेघा मारल्या.

दुसऱ्या दिवशी मस्कासाथेतल्या गोदामापासून
चंद्रभान बारापात्रेंच्या मागच्या सीटवर.
एकवीस वर्षं त्यांचा हाच बीट.
मे महिना, हेल्मेटखाली ओला दुपट्टा.
"वही ठेव बॅगेत," ते म्हणाले,
"दोन्ही हातानं धर मले, पुढं खड्डे आहेत."

पहिल्या दुकानात चॉकलेटची बरणी पालथी.
मी विचारलं, स्टॉक संपला का?
"मेमध्ये कोणी मागवत नाही.
तुह्या वहीत ते खाऊ आहे,
नागपुरात जूनपर्यंत ते पेय असते."
मी हसलो. ते हसले नाहीत,
बिलबुकात कार्बन सरळ करत राहिले.

दुसऱ्या दुकानात शाम्पूच्या पुड्यांची माळ.
एक पोरगी आली, दोन रुपये मुठीत घामेजलेले.
पुडी घेतली, कोपरा जरासाच कापून मागितला,
आणि उरलेली दोनदा दुमडून
केसांतल्या पिनेनं बंद केली.
लवकर खपणारा माल.

तिसऱ्याच्या दारात कूलर उघडा पडलेला,
मेकॅनिक जुन्या ताट्या खरवडत होता.
हा तरी टिकाऊमध्ये ना, मी म्हटलं.
"पत्रा टिकाऊ. ताट्या दरसाल नव्या.
पंपाचं मात्र विचारू नको बाप्पा."
मग थोडं थांबून, कूलरकडेच पाहत :
"आमच्या घरी माग होता.
माय विणे ते लुगडं बारा वर्षं फाटत नसे.
तेच नडलं."

गोळीबार चौकाच्या आतल्या गल्लीत
शेवंताबाई निमजेंचं दुकान. दुकान म्हणजे खिडकी,
आणि खिडकीबाहेर कंपनीनं दिलेला निळा फ्रीज.
फॉर्मवर सात प्रश्न. सहा सोपे होते.
सातवा : फ्रीजमध्ये इतर माल आहे का?
मी दार उघडलं. बाटल्यांच्या तिसऱ्या रांगेमागं
स्टीलचा एक डबा.

"तो नको काढू रे," शेवंताबाई आतून म्हणाल्या,
आणि मी तो काढून बसलो होतो.
आत इन्सुलिनच्या कुप्या, पाच,
प्रत्येकीला चिकटपट्टी, पट्टीवर निळ्या पेनानं नाव :
नंदनवार गुरुजी. सलमा आपा. ढोबळेची माय.
एकावर नुसतं "हे".
"घरचे हे," त्या म्हणाल्या. "नाव कसं लिहू?"

पुढं साखर, मागं साखरेचा उतारा,
एकाच थंडीत.

"दुपारी लाइन जाते दोन दोन तास.
तवा मी याले उघडूच देत नाही कोणाले.
गिऱ्हाईक गेलं तं जावो.
तुमच्या साहेबाले सांगजो, विक्री कमी काहून आहे ते."

बारापात्रे फ्रीजपाशी वाकले.
डबा मागं सरकवला, अगदी भिंतीला,
आणि बाटल्या मांडू लागले,
सगळी लेबलं समोर, खांद्याला खांदा,
हॉटेलातल्या पडद्यावर दाखवली होती
त्याहून सुबक रांग.
"आता फोटो काढ," म्हणाले.

मी फोटो काढला.
काचेत माझाच हात आला, आणि मागं ऊन.
मग पेन घेतलं. पट्टी नव्हती;
"नाही" भोवतालचा गोल वाकडाच आला.

शेवंताबाईंनी दोन केस मागवल्या,
एक पुरली असती.

गाडीवर, दुपट्टा पुन्हा भिजवून,
मी बारापात्रेंना विचारलं,
तो डबा कोणत्या गटात जातो?
त्यांना ऐकू गेलं नसेल. किंवा गेलं असेल.
"पुढचं दुकान," ते म्हणाले,
"बुधवारी उशिरा उघडते.
चाल, तोवर पाणी पिऊ."