उजवा बूट

माझं काम एवढंच होतं, सीब्रन:
सिगारेट डाव्या हातात असेल
तर पुढच्या शॉटलाही ती डाव्याच हातात हवी
आणि तेवढीच जळलेली.

पहिल्यांदा भेटलास तेव्हा तू मेलेला होतास.
पोलिसी मालिका, भाग चौथा,
उट्रेख्तच्या कालव्यातून ओढलेलं प्रेत. संवाद नाही.
नोव्हेंबरचं पाणी.
मी वहीत लिहिलं: उजवा बूट गायब. केसांत शेवाळ.
आणि समासात: प्रेत कुडकुडतंय.

मग हिल्व्हरसमचा स्टुडिओ, अकरा वर्षं.
प्लायवुडचा पूल, पुठ्ठ्याची कालव्याची दारं,
पाणी हलवायला बादली घेऊन बसलेला पोरगा,
आणि दारांचा राखणदार बारेंट, म्हणजे तू.
बेकरीवाली सुटे पैसे देता देता विचारायची,
"काय बारेंट, आज पाणी चढणार का?"
तू आभाळाकडे बघून सांगायचास.
एकदा खरंच चढलं!
पोतं भरून पत्रं आली.

आईला माती देताना
मागच्या रांगेतल्या कुणीतरी सही मागितली.
तू दिलीस.
बारेंट, असंच लिहिलंस. मी पाहिलं.

बावन्नाव्या वर्षी घर गहाण टाकून सिनेमा काढलास,
तोही फ्रिजियनमध्ये.
निर्माता म्हणाला, डचमध्ये काढ, चार लोक तरी बघतील.
तू म्हणालास, आई मला डचमध्ये कधी रागावली नाही.
तो निर्माता गेला, दुसरा मिळाला नाही.

हार्लिंगनच्या पुढची ती चिखलाची सपाटी.
ओहोटीचे चार तास आपले,
पुढे भरती, ती कुणाच्या बापाची वाट बघत नाही.
दिग्दर्शक म्हणून तू वाईट होतास, सांगून टाकते.
कट म्हणायचंच विसरायचास.
म्हातारी त्येत्स्के चालत राहायची, चालत राहायची,
ठिपका व्हायची,
रीळ संपायचं,
आणि तू अजून बघतच.

लेऊवार्डनला सहा दिवस चालला.
आम्सटरडॅमला एक दुपार, खाली डच अक्षरं:
प्रेक्षक चौदा, त्यांतले नऊ आपणच.
मध्यंतरात एकानं विचारलं, बारेंट कधी येतो?

कर्ज फेडायला विम्याची जाहिरात केलीस,
बारेंटची टोपी घालून.
टोपी माझ्याकडेच होती,
कडेवरच्या तेलाच्या डागासकट.
कार्टूनमधल्या बिज्जूला आवाज दिलास.
तो बिज्जू मात्र छान होता.

आणि परवा,
त्याच पोलिसी मालिकेचा नवा अवतार.
तू अठ्ठ्याहत्तरचा. पुन्हा प्रेत, पुन्हा कालवा.
मला निवृत्तीतून बोलावलं, केवळ गंमत म्हणून.
तू पडलेला. पापणी हलेना.
पाणी तेवढंच गार, आणि तू
कुडकुडत नव्हतास.

"कट!"
मी ओरडले. माझं कामच नव्हतं ते.
दिग्दर्शक पोरगी वळून बघत राहिली.
तू एक डोळा उघडलास:
काय चुकलं, हिल्के?

बूट, मी म्हटलं.
उजवा. पायातच आहे तुझ्या.

तू उठून बसलास, ओल्या नाड्या
बराच वेळ सोडवत राहिलास.
मी बूट हातात घेतला. आतलं पाणी कोमट होतं.