झीज वगळून

डुलुथमध्ये रस्ते सरळ तळ्यात उतरतात,
निदान गाडीत बसल्यावर तसं वाटतं.
तळं म्हणायचं, पण पलीकडचा काठ दिसत नाही.
आर्वोच्या गॅरेजात मी काउंटरवर असते,
एकोणीस हिवाळे झाले.
गाड्या तो बघतो. कागद मी.

मंगळवारी व्हर्ना लाक्सो आली,
बुटांवरचा बर्फ न झटकताच.
प्लास्टिकच्या पिशवीत घडी घातलेला करार:
जुन्या गाडीची वाढीव वॉरंटी, छत्तीस महिने,
पुलापलीकडच्या विक्रेत्याकडून,
चावीसोबत कॉफीचा मग फुकट.
"ब्रेक दाबला की किंचाळतो," ती म्हणाली,
"आणि गाडी डावीकडे ओढते,
खेळण्यांच्या दुकानापाशी पोर ओढतं तशी.
ह्यात ब्रेक आहेत ना? त्यानं बोट ठेवून दाखवलं होतं."

आहेत.
पान सहा, ठळक अक्षरात: ब्रेक.
खाली मास्टर सिलिंडर, बूस्टर, कॅलिपर, एबीएसचा पंप.
पान अकरा, मुंगीच्या अक्षरात:
पॅड, डिस्क, शू, आणि वापरानं जे जे झिजतं ते
वगळून.
म्हणजे हुकूम पोचवणारे धरलेत,
घासले जाणारे नाहीत.
हे मी इतक्यांदा वाचून दाखवलंय
की जिभेला आता कुठेच अडखळत नाही.

"मग गाडीत न झिजणारं काय असतं?"
मी म्हणाले, "करार."
ती हसली नाही.
मीही नंतर पेन शोधत बसले, हातातच होतं.

आर्वोनं चाक काढून हाक मारली.
उजवं पॅड अजून जाडजूड,
डावीकडे लोखंडावर लोखंड.
कॅलिपरचा पिस्टन अडकलेला;
पाय उचलला तरी तो पकड सोडत नव्हता.
"कॅलिपर तर पान सहावर आहे!"
आहे. आणि त्यानंच पॅड खाल्लं.

कंपनीला फोन लावला.
बेचाळीस मिनिटं एकच बासरी.
मग लामार, टेक्ससमध्ये कुठेतरी,
सभ्य मुलगा, घसा बसलेला.
"मॅम, भागावर गंज आहे का?"

मी खिडकीबाहेर बघितलं.
नोव्हेंबर ते एप्रिल हे गाव
रस्त्यावर मीठ टाकतं, कुणी घसरू नये म्हणून.
तेच मीठ खालून ब्रेकला लागतं.
पान बारा: गंज वगळून.

"लामार, तुमच्याकडे बर्फ पडतो का?"
"पडला होता एकदा. शाळेला सुट्टी दिली."
"आमच्याकडे गाडीची दारंसुद्धा गंजलेली असतात.
पिस्टन कशानं अडकला, ते दारं सांगणार नाहीत."
पलीकडे कीबोर्ड थांबला.
"फोटो पाठवा, मॅम. पिस्टन अडकलाय, एवढं लिहा.
अडकलाय ना?"
"अडकलाय."

कॅलिपर मंजूर, शंभर डॉलर वजा.
पॅड, डिस्क, ऑइल व्हर्नाच्या माथी.
तिनं नोटा मोजल्या, विसाच्या, मग पाचाच्या,
मग पुन्हा पहिल्यापासून.
पेरं सुजलेली. रात्रपाळीत ती वृद्धाश्रमात
माणसं उचलते, कूस बदलते, परत झोपवते.
काउंटरला टेकताना तिनं उजवा गुडघा मोकळा ठेवला होता.
तो कुठल्या पानावर येतो, मी विचारलं नाही.
दोन पाचाच्या नोटा आर्वोनं परत सरकवल्या,
हिशेब चुकला म्हणाला. चुकला नव्हता.

चाचणीला आर्वो निघाला तर ती म्हणाली, "मी चालवते."
मग शेजारी मी बसले.
सगळा उतार, समोर तळं, करडं, सपाट,
आणि मध्ये एकच सिग्नल, लाल.
तिनं पाय ठेवला.
गाडी थांबली, कुणीकडेच ओढली नाही.

सिग्नल हिरवा झाला तरी ती तशीच,
मागच्या ट्रकनं हॉर्न दिला तरी.
"जळका वास येतोय," ती म्हणाली.
"नव्या पॅडचा," मी म्हणाले. "दोन दिवस येतो."