फेटल

थर्झा आत्याच्या मृत्यूच्या दाखल्यावर
व्यवसाय लिहिलाय: फेटलर.
कारण त्याच्या खालच्याच रकान्यात,
दुसऱ्या शाईत.

लाँगटनमध्ये कुणाला सांगावं लागत नसे काम काय ते.
साच्याचे दोन अर्धे जिथे भेटतात
तिथे कच्च्या कपावर एक शिवण उठते,
केसाएवढी.
ती खरवडायची. आधी सुरी, मग स्पंज,
मग कानावरून अंगठा,
न्हाऊ घातलेल्या बाळाच्या कानामागून फिरवतात तसा.
दिवसाला साठ डझन.
डझन मोजायला एक माणूस होता.
धूळ मोजायला नव्हता.

शब्द तिच्यापेक्षा पुष्कळ म्हातारा.
आधी तो नुसता पट्टा होता, तलवार अडकवायचा.
पट्ट्यावरून कंबर कसणं आलं,
आणि एकदा कंबर कसली की माणूस काय काय करतो:
घोड्याला खरारा,
शनिवारी गुडघे टेकून उंबरा घासणं,
लोखंडाच्या भट्टीला आतून लिंपण.
माझी पणजी पोरांना म्हणायची, थांब, फेटलतेच तुला,
तेव्हा त्याचा अर्थ लाकडी चमचा.
आणि उत्तरेकडचा तो कोळसेवाला, गोणी दारात टेकवून विचारायचा,
"काय फेटल आज?"
म्हणजे, बरं आहे ना?

बरं आहे, म्हणायची आत्या.
कोळशाचे पैसे मोजून द्यायची, जिना चढायची,
चौथ्या पायरीवर काहीतरी विसरल्यासारखी थांबायची.

एनॉक काका बावन्न साली बोटीने ऑस्ट्रेलियाला गेला.
त्याचं पत्र: "थर्झे, हस! मीही फेटलर झालो."
तिकडे हा शब्द रुळांवर राबतो,
उन्हानं वाकलेलं सरळ करतो, कुजलेले स्लीपर बदलतो,
तंबूत झोपतो, आठवड्यातून एकदा गाडीला हात करतो.
"धूळ इथेही आहे," त्यानं लिहिलं, "पण लाल. दिसते तरी."
हे वाक्य तिनं मोठ्यानं वाचलं,
दोन श्वासांत.

कारखान्याचा डॉक्टर वर्षातून एकदा येई.
पाठीवर थंड नळी, जीभ बाहेर, पुढची.
त्याच्या फाइलमधली ओळ मी स्वतः पाहिली आहे:
मिस मॅचिन, वय एकेचाळीस, इन फाइन फेटल.
आता शब्दकोशात एवढाच अर्थ ठळक उरलाय,
ठणठणीत,
वर्तमानपत्रं नव्वदीच्या सरदारांसाठी वापरतात तो.
आत्याला ती ओळ कुणीतरी वाचून दाखवली तेव्हा
ती हसली. हसण्याचा खोकला झाला,
खोकला संपेपर्यंत किटलीतलं पाणी उकळून आटलं.
मग म्हणाली, "खरंच लिहिलंय की.
फेटलमध्येच आहे मी.
गळ्यापर्यंत."

पुढे मोठ्या इस्पितळात फोटो काढला.
काचेवर लावला तर
तिच्या छातीत दोन्हीकडे बर्फ पडत होतं.

भट्ट्या गेल्या. ज्या तीनचार उभ्या आहेत
त्यांचे फोटो काढायला लोक येतात.
माझा नातू कॅलम हॅन्लीत सायकली दुरुस्त करतो,
काळी बोटं पुसत गिऱ्हाइकाला सांगतो,
"फेटल केलीय, चालवून बघ."
कुठून शिकलास, विचारलं.
म्हणाला, "सगळे म्हणतात."

एक कप आहे माझ्याकडे.
काम सोडलं त्या दिवशी तिनं पिशवीत घालून आणलेला,
बाहेरून पांढरा, आत निळी कड,
आणि कानाच्या डाव्या अंगाला
वरपासून खालपर्यंत शिवण,
भाजलेली, चकाकीखाली कायमची.
साठ डझनांची बाई ही. तिच्या नजरेतून सुटेल?

काल कॅलमनं त्यात चहा घेतला.
अंगठा थबकला त्याचा,
नखानं जरासं खरवडून पाहिलं.
"आजी, हे राहून गेलंय वाटतं."

"ठेवलंय," मी म्हटलं,
आणि त्याच्यासमोर बिस्किटं सरकवली.