रेघेची जाडी

एकास पन्नास हजार.
म्हणजे नकाशावरचा एक मिलिमीटर
जमिनीवर पन्नास मीटर.
माझ्या पेनाचं टोक अर्ध्या मिलिमीटरचं,
तेव्हा अभयारण्याची हिरवी हद्द काढते मी
तर रेघेच्या पोटातच पंचवीस मीटर जातात.
ते पंचवीस मीटर खाणीचे की रानाचे,
हे एकवीस वर्षांत ग्वाल्हेरच्या कुठल्याच साहेबांनी सांगितलं नाही.
मीही विचारलं नाही.
आमच्या कचेरीत विचारणाऱ्याची बदली श्योपूरला होते.

या वेळची फाईल जाड. अकरा हेक्टर, तांबडा दगड.
खसरा, चलनाची पावती, ग्रामसभेचा ठराव,
ठरावावर एकाच शाईचे चाळीस अंगठे,
आणि प्रश्नावली.
रकाना नववा: संरक्षित प्रजाती आढळते काय?

बाबा त्याला माळढोक म्हणत.
पाहिला त्यांनीही नव्हता कधी,
शब्द तेवढा दक्षिणेतून आला आमच्या घराण्याबरोबर,
पाट्या-वरवंट्याच्या गाडीत कुठेतरी.
कचेरीत ती सोनचिरैया.
मराठीत तो, हिंदीत ती,
आणि फाईलमध्ये नुसती 'अनुसूची एक'.

(लष्करातल्या आमच्या स्वयंपाकघरात
मागच्या दिवाळीला नवी फरशी घातली. तोच दगड.
ठेकेदाराने भाव कमी लावला.
का लावला, विचारलं नाही.
पोछा मारताना हाताला लाटा लागतात,
कुठल्या तरी आटलेल्या पाण्याच्या, दगडात तशाच राहिलेल्या.)

जनसुनावणी शाळेच्या मैदानात.
तंबू, दोन कूलर, हजेरीचं रजिस्टर, त्यावर समोशाचं तेल.
हरबिलास उठला. सतरा वर्षं खाणीत,
वाक्य कमी, खोकला जास्त.
म्हणाला, त्या पाखराने आमचं काय काय खाल्लं ते ऐका.
जमीन विकता येत नाही.
विहिरीला सुरुंग लावता येत नाही.
शेत गहाण टाकायला जावं तर सावकार विचारतो,
शेत तुझं की पाखराचं?
लोक हसले. साहेबही हसले.
मी इतिवृत्तात लिहिलं: ग्रामस्थांची हरकत नाही.

चहाच्या वेळी तो टेबलाशी आला.
नकाशा उलटा पाहत होता, मी फिरवून दिला.
मग त्याने बोट ठेवलं. बोटाला नख नव्हतं.
बरोबर माझ्या हिरव्या रेघेवर ठेवलं.
"इथे. तीन सालांमागे.
उघड्यावर एकच अंडं, ना घरटं ना काही.
मी ट्रॅक्टर वळवून घेतला."
कोणाकडे न पाहता, कपातल्या चहाला सांगावं तसं.
मग म्हणाला,
"मगर आप तो लिख दो, बाई, कि नहीं है."

नवव्या रकान्यात 'निरंक' लिहायची पद्धत आहे.
मी शून्य काढलं.
हात हलला असावा. ते जरा लांबट झालं,
एका टोकाला निमुळतं,
मोकळ्या रकान्यात एकटंच.
खोडायला गेले तर भदौरियासाहेब म्हणाले,
खाडाखोड नको, राहू द्या.

परतताना ऊन कलतं होतं.
घाटीगावच्या अलीकडे, वळणावर,
जीपसमोर काहीतरी आलं.
तपकिरी, मान उंच,
एकेक पाऊल मोजून टाकणारं,
जणू हद्द आखायला त्यालाच पाठवलंय.
ड्रायव्हरने इंजिन बंद केलं.
आधी कधी तो असं करत नाही, गाय आली तरी.
धूळ खाली बसेपर्यंत ते झुडपांत शिरलं होतं.

"लांडोर ना?" साहेब म्हणाले.

फाईल माझ्या मांडीवर. नाडी घट्ट बांधलेली.
ड्रायव्हर समोर पाहत होता.

"लांडोरच," साहेब म्हणाले,
या वेळी थोड्या मोठ्याने.