दुसरा मजला

उझैरने विचारलं, "बावा, हा पिच्चर कोण बनवतं?"
म्हसळ्याहून येताना आवाज मध्येच तुटला,
"कोण ब..." एवढंच पोचलं,
मला वाटलं विचारतोय, कोण बिघडलंय आज.

शारजात, टायरच्या दुकानांमागच्या गल्लीत
एक बिनपाटीची इमारत आहे.
पहिल्या मजल्यावर माणसं, दुसऱ्यावर यंत्रं.
मी दुसऱ्यावरचा.
एकशे चाळीस डबे काळ्या कपाटांत रात्रभर तापतात
आणि मी त्यांना अठरा डिग्रीत ठेवतो.
आत काय चालतं, मला दिसत नाही.
जोव्हेलिन म्हणते, आत समुद्र शिजतोय.

खेळ उझैरला ठाऊक आहे:
बुडालेलं शहर, कंदील घेतलेली मुलगी.
सहा भाग निघाले. त्याने तिसरा खेळला,
मामेभावाच्या मोबाईलवर, पाळी लावून,
आणि पुलाच्या पलीकडे कधी गेला नाही.
खेळात तिला तीन जीव असतात.
पिच्चरमध्ये एकच.
म्हणून खालची माणसं इतकी जपून वागत असतील.

जोव्हेलिन फक्त केस करते. अडीच महिने, केस.
कोरडे, भिजलेले, कानामागून सुटलेली एक बट.
सुनोज लाटा करतो, त्याला पोहता येत नाही.
तारिग तिला चालवतो,
म्हणजे आधी स्वतः चालून बघतो,
पॅसेजमध्ये, खांदे पाडून,
कंदिलाच्या जागी चहाचा फ्लास्क धरून.
पहिल्या दिवशी मला वाटलं, बिचाऱ्याला घरून काही कळलंय.

ऑगस्टात कॉम्प्रेसर बसला.
शमाल सुटलेला, गच्चीवर वाळू दातांत,
पत्र्याला हात लावला तर कातडी राहील तिथेच.
वर जाऊन, खाली येऊन, पुन्हा वर,
पहाटे चारला गारवा परत आला.
तोवर सुनोजचा चार सेकंदांचा समुद्र गेला होता.
चार सेकंद! मी मनात मोजून पाहिले.
दिघीच्या धक्क्याला एक लाट लागून
मागे फिरेपर्यंतसुद्धा जास्त वेळ जातो.
पण तो डोक्याला हात लावून बसला होता,
मी त्याला माझ्यातला अर्धा कडक चहा दिला.

त्याच पहाटे मी शिडीवरून उतरत होतो.
तारिग खाली उभा. म्हणाला, "चाचा, पुन्हा उतरा."
मला वाटलं, काही पडलं.
"पुन्हा. तसेच."
टूलबॅग डाव्या खांद्यावर, उजवा गुडघा आखडलेला,
दर पायरीला आधी हात, मग पाय.
त्याने मोबाईलवर घेतलं. तीनदा उतरवलं मला.
नमाजला उशीर झाला.

मग बरेच आठवडे काही नाही.
फिल्टर, ड्रेनचा पाइप, लेबर कार्डाची तारीख.

काल त्याने बोलावून पडदा दाखवला.
मुलगी अजून राखाडी, बिनकेसांची, बिनडोळ्यांची,
मातीतून नुकती काढल्यासारखी.
पुलाच्या पलीकडे विहिरीसारखं काही,
त्यात ती उतरते आहे,
आधी हात, मग पाय,
बारा वर्षांची पोर,
आणि उजवा गुडघा आखडलेला.
मी म्हटलं, "तिला बरं नाही का?"
तारिग हसला. "ती दमलीय. खूप चालून आलीय ना."
साहेबांना पसंत पडलं तर राहील, म्हणाला.
नाहीतर जाईल.

"बावा, ऐकू येतंय? कोण बनवतं?"
"बरीच माणसं."
"तुम्ही?"
"मी गारवा करतो."
"गारवा दिसतो काय पिच्चरमध्ये?"
त्याची आई मागून हसली, मीही हसलो.

मग त्याने हळूच विचारलं,
पुलाच्या पुढे काय आहे,
तुमच्या माणसांना विचारून सांगा ना.
मला ठाऊक होतं. जिभेवर आलं होतं.
"पायऱ्या आहेत," म्हटलं.
"किती?"
"मोजल्या नाहीत रे. आईकडे दे फोन,
पैसे पोचले का विचारायचंय."